वर गेलेला हात

आप्पांच्या ऐंशीव्या वाढदिवसाचा केक साडेबारापासून टेबलावर होता आणि दीड वाजला तरी कोणी सुरीला हात लावला नव्हता. बारक्या आल्याशिवाय कापायचा नाही, असं आप्पांनी सकाळीच सांगून ठेवलं होतं. बारक्या म्हणजे त्यांचा नातू. सहा फूट दोन इंच उंच, पेशाने फुटबॉलपटू, बचावाच्या फळीत मधोमध खेळणारा; लहानपणी पडलेलं नाव कोणी बदलायच्या भानगडीत पडलं नाही, इतकंच. तो येतो की नाही याची खात्री त्याच्या आईलाही नव्हती, कारण गेले आठ दिवस तो फोनवर "हं" यापलीकडे काही बोलत नव्हता.

त्याची आई, घरातली मोठी सून, स्वयंपाकघरात ताटल्या पुसत होती. पुसलेल्याच पुन्हा पुसत होती. हॉस्पिटलच्या टेलिफोन बोर्डावर बावीस वर्षं काढलेली बाई. दिवसभर लोकांचे रडवेले, चिडलेले, घाबरलेले आवाज ऐकायचे आणि योग्य त्या वॉर्डाला जोडून द्यायचे, हे तिचं काम. स्वतःचा आवाज तिने कधी चढवला नाही. आज धाकटा दीर दारातून आत आला, "काय वहिनी, कशा आहात?" म्हणाला, आणि तिने उत्तरच दिलं नाही. असं या घरात आजवर झालं नव्हतं.

दीर म्हणजे कुलूप. हे नाव त्याला मैदानातल्या लोकांनी दिलं. एकोणीस वर्षं तो बचावात उभा राहिला आणि त्याच्या अंगावरून पुढे गेलेले स्ट्रायकर बोटांवर मोजण्याइतके. खेळ थांबवल्यावर टीव्हीवर गेला आणि तिथे आणखी मोठा झाला. दर शनिवारी दुपारपासून तो स्टुडिओतल्या सोफ्यावर बसतो, सामना चालू असताना चित्र थांबवतो, पडद्यावर बोटाने पिवळा गोल काढतो आणि एका वाक्यात एखाद्या खेळाडूची सालटी काढतो. त्याचा खेळ आता फारसा कोणाला आठवत नाही. तोंड मात्र सगळ्यांना पाठ आहे.

आठ दिवसांपूर्वी काय झालं ते घरात प्रत्येकाने इतक्या वेळा पाहिलं होतं की पुन्हा सांगायची कोणाला गरज नव्हती. उपांत्य सामना, अठ्ठ्याऐंशीवं मिनिट, बरोबरी. समोरचा स्ट्रायकर बारक्याच्या खांद्यामागून निसटला. बारक्याने उजवा हात सरळ वर केला, म्हणजे हा ऑफसाइड आहे, पास निघण्याआधीच आमच्या मागे पोहोचलाय, झेंडा दाखवा, आणि तो जागच्या जागी थांबला. जेमतेम एक सेकंद. झेंडा काही वर गेला नाही. स्ट्रायकर गोल करूनच मागे वळला. नंतर व्हिडिओ तपासला तेव्हा कळलं की तो ऑफसाइड नव्हताच, बुटाच्या टोकाएवढ्या अंतराने नव्हता. बारक्याचा संघ बाहेर पडला.

स्टुडिओत कुलूपने ते चित्र थांबवलं, बारक्याच्या हाताभोवती पिवळा गोल काढला आणि म्हणाला, "हा काय, बस थांबवतोय? हे याला शिकवलं तरी कोणी?"

सोफ्यावरचे बाकीचे दोघे हसून हसून आडवे झाले. दुसऱ्या दिवसापर्यंत ती दहा सेकंदं ज्याच्या त्याच्या फोनवर होती. शाळेतून सुटलेली मुलं रस्त्यात हात वर करून खांबासारखी उभी राहायला लागली. कोणा रिकामटेकड्याने बारक्याचा तो फोटो मोठा छापून खऱ्याखुऱ्या बसथांब्यावर चिकटवला. पाचव्या दिवशी क्लबचं पत्र आलं की पुढच्या हंगामासाठी त्याचा करार वाढवणार नाहीत. गोलमुळे की हसण्यामुळे, असलं काही पत्रात लिहीत नाहीत.

मोठ्या सुनेला यापेक्षा एक गोष्ट जास्त माहीत होती. तो कार्यक्रम तिने आप्पांच्या शेजारी बसून पाहिला होता. कुलूपने टीव्हीतून विचारलं, हे याला शिकवलं तरी कोणी, आणि खुर्चीतले आप्पा टीव्हीकडे बघत हळूच म्हणाले, "मी."

तिने तेव्हा काही विचारलं नाही आणि नंतरही नाही.

धाकटी जाऊ, कुलूपची बायको, ग्लास घेऊन आत आली. या दोघींचं वीस वर्षं चांगलं जमलेलं, आणि ते मुख्यतः नवऱ्यांबद्दल एकमेकींपाशी मन मोकळं करण्यावर टिकलेलं. आज मात्र धाकटी निरोप घेऊन आली होती, आणि चेहराही तसाच करून आली होती. चॅनेलवाल्यांनी सुचवलंय, ती म्हणाली, येत्या शनिवारी बारक्याला स्टुडिओत बोलवायचं. काका आणि पुतण्या समोरासमोर. ह्यांनी सगळ्यांदेखत सांगायचं की हे मीच शिकवलं, दोघांनी मिळून हसायचं, की विषय मिटला. स्वतःवर हसणारा माणूस लोकांना आवडतो, एखादा क्लबही पुढे येईल. फक्त बारक्याने हो म्हणायला हवं, आणि वहिनी, तुम्ही सांगितलंत तर तो म्हणेल.

मोठीने विचारलं, हे चॅनेलला सुचलं की भावजींना. चॅनेलला, धाकटी म्हणाली, पण हे पहिल्याच फोनला हो म्हणाले.

मोठीने ताटली खाली ठेवली. बोर्डावर बोलते त्याच आवाजात ती बोलली.

"माझ्या पोराला हसले तेव्हा तो निदान तिथे नव्हता. आता त्याला समोर बसवून हसायचंय?"

धाकटीने कबूल केलं की तिलाही हे पटलेलं नाही. पण नवरा आठ दिवस धड जेवलेला नाही, काहीतरी केल्याशिवाय त्याच्या जिवाला चैन पडणार नाही, आणि काहीही करायचं तर तो कॅमेऱ्यापुढेच करतो, दुसरं काही त्याला आता येतच नाही. मग तिने मोठीच्या हातातलं फडकं घेतलं आणि सांगितलं की टेबलावर विषय निघाला तर मी तुमच्या बाजूने आहे. मोठीचा राग काही गेला नाही, पण तिने फडकं दिलं.

कुलूप तोवर मागच्या खोलीत, भावाच्या कामाच्या जागी, स्टुलावर बसला होता. त्याचा दादा, बारक्याचा बाप, कवळ्या बनवतो. खोलीभर प्लास्टरचे साचे, अनोळखी माणसांची तोंडं फळ्यांवर ओळीने मांडलेली, प्रत्येकाखाली चिठ्ठी. आज सुट्टी होती, पण कोणा म्हाताऱ्या बाईंना सोमवारी कोर्टात साक्ष द्यायची होती आणि दातांशिवाय आपण तोंड उघडणार नाही असं त्यांनी वकिलाला ठणकावलं होतं, म्हणून दादा गुलाबी मेणात एकेक दात बसवत होता. त्याने मान वर केली नाही. लहानपणापासून तो असाच, हात चालू असले की त्याला बोलता येतं.

कुलूपने त्याला शनिवारचा बेत सांगितला. सांगताना त्याचा टीव्हीवरचा आवाज लागला, मग त्याचं त्यालाच कळलं आणि त्याने आवाज उतरवला. दादाला बेत पटला. तो म्हणाला की माणूस पंचविशीत घरी बसला तर संपला, काय हवं ते करा पण पोराला मैदानात ठेवा. मी रविवारी काम करत बसायचो आणि त्याला तुझ्याकडे पाठवायचो, त्याचं जे काही झालं ते तुझ्यामुळे झालं, चांगलंही तुझ्यामुळेच, असंही म्हणाला. त्याने ते उपकार मानल्यासारखं म्हटलं, आणि कुलूपला ते ऐकवेना.

कारण त्या दिवशी पडद्यावर तो हात दिसला तेव्हा कुलूपला तो कोणाचा आहे ते लगेच कळलं होतं. कोपर ताठ, तळवा उघडा, नजर समोर. त्याचाच हात होता तो. आणि त्याच्याही आधी, हात वर करून थांबायचं कसं हे आप्पांनी त्याला अंगणात कपडे वाळत घालायच्या दोरीखाली उभं करून शिकवलं होतं. आप्पा आठवडाभर टपाल कचेरीत पत्रं वेगळी करायचे आणि रविवारी लाइनमन म्हणून झेंडा घेऊन मैदानाच्या कडेने धावायचे. त्यांनी सांगितलं होतं की लाइनमनला एकाच क्षणी दोन ठिकाणी बघावं लागतं, पास देणाऱ्याचा पाय आणि शेवटचा बचावपटू, आणि ते कोणत्याही माणसाला जमत नाही. त्यामुळे तो निम्मा अंदाजच करतो. त्या वेळी ज्याचा हात बेधडक वर जातो त्याचं तो ऐकतो. लाइनमनकडे बघायचं नाही, बघितलंस तर तू विचारतोयस हे त्याला कळेल. हात वर करायचा आणि थांबायचं, जणू निकाल लागलाच आहे. थांबण्यातच सगळी खुबी आहे.

कुलूपच्या पायात वेग नव्हता. त्या थांबण्यावर त्याने एकोणीस वर्षं काढली. मग बारक्या आठ वर्षांचा झाल्यावर त्याने तेच त्याला शिकवलं, दर रविवारी, आठ वर्षं, इतकं की पुढे पोराला विचारच करावा लागू नये.

आणि पुढे व्हिडिओवर निकाल तपासायची पद्धत आली. आता लाइनमनच झेंडा खाली ठेवतो, चढाई संपेपर्यंत कोणाचं काही ऐकत नाही, आणि थांबलेला बचावपटू थांबलेलाच राहतो.

दादाने मेणावरून सुरी फिरवली. "एक विचारू का?" तो म्हणाला. "आता हात वर करून थांबायचं नाही, हे तू त्याला सांगितलं होतंस?"

"सांगितलं होतं की. वर्षभर सांगत होतो. टीव्हीवर."

"शनिवारी तो खेळत असतो," दादा म्हणाला. "तुझा कार्यक्रम तो कधी बघणार?"

त्याने हे टोचून विचारलं नव्हतं, तो खरंच विचारत होता. कुलूपचं अख्ख्या जगाला सांगून झालं होतं, पिवळे गोल काढून, बाण काढून, चांगलं दोन-दोनदा, आणि ज्याला शिकवलं होतं त्याला एक फोन करायचा राहून गेला होता. आपण बोललो म्हणजे ते सगळ्यांपर्यंत पोहोचलं, असं त्याला कधीतरी वाटायला लागलं होतं.

दोन वाजता बारक्या आला. चालत आला होता, स्टेशनपासून पाऊण तास. बसने का नाही आलास, असं धाकटी विचारता विचारता थांबली. आईने त्याला पाणी दिलं. तो आप्पांच्या पाया पडायला वाकला तर आप्पांनी त्याचं डोकं धरून ठेवलं, सोडायलाच तयार नाहीत, शेवटी तो वाकल्या वाकल्याच हसला. केक कापला गेला. सगळ्यांनी खाल्ला आणि सगळ्यांनी चांगला झालाय म्हटलं.

आप्पा टेबलाच्या टोकाला बसून एकेकाचं तोंड बघत होते. मोठी सून आणि धाकटी आज जवळजवळ बसल्यात, याचा अर्थ दोघींचं काहीतरी ठरलंय. मोठा मुलगा धाकट्याकडे बघत नाही, याचा अर्थ त्यांचं काहीतरी बिनसलंय. सव्वीस वर्षं कडेला उभं राहून माणसं बघितल्यावर एवढं तर समजतंच. त्यांना स्वतःचीच लाज वाटत होती. ज्या कामात डोळ्यांना दिसेल तेवढंच दाखवायचं, त्या कामात त्यांनी कितीदा तरी दुसऱ्याचा हात बघून झेंडा वर केला होता. आणि हे पाप कबूल करायचं सोडून त्यांनी पोटच्या पोराला त्याचा फायदा कसा घ्यायचा ते शिकवलं. पोराचं नाव झालं तेव्हा त्यांना वाटलं होतं, चला, सार्थक झालं.

कुलूपने ताटली बाजूला सारली आणि विषय काढला. चॅनेल, शनिवार, सोफा, सगळं सांगितलं. शेवटी म्हणाला की तू फक्त येऊन बस, बोलायचं मी बघतो, चूक माझी आहे असं मी चार लोकांत सांगणार. धाकटीने तोंड उघडलं, पण तिच्याआधी आप्पा बोलले. त्याची चूक नाही, कुलूपकडे बोट दाखवत ते म्हणाले. त्याला मी शिकवलं. यात कोणाला नाव ठेवायचं असेल तर मला ठेवा. मग दादाही म्हणाला की मी लक्ष दिलं असतं तर. त्याने वाक्य पुरं केलं नाही.

बारक्या सगळ्यांचं ऐकून घेत होता. आईसारखाच तो, आवाज न चढवणारा.

"सगळेच मी, मी म्हणताय," तो म्हणाला. "हात माझा होता ना? क्लबात आम्हाला रोज सांगायचे, थांबू नका. शंभरदा नाही थांबलो. त्या दिवशी दमलो होतो, आणि गेला हात."

"तो आपोआप गेला, कारण मी..." कुलूप म्हणाला.

"काका, ऐक ना. तू शनिवारी हे सांगितलंस तर काय होईल? लोक म्हणतील, काय मोठ्या मनाचा माणूस आहे. तुझं कौतुक होईल. आणि ते सांगताना मागे पडद्यावर काय दाखवतील?"

काय दाखवतील ते सगळ्यांना दिसत होतं.

मोठी सून मुलाकडे बघत होती. आठ दिवस तिने याच क्षणाची वाट पाहिली होती, कोणीतरी भावजींना तोंडावर बोलावं म्हणून तिचा जीव जळत होता, आणि आता समोर बसलेल्या दिराचा चेहरा बघून तिला त्याचीच कीव आली. लग्न होऊन ती या घरात आली तेव्हा हा सतरा वर्षांचा होता आणि डबा भरून द्या वहिनी म्हणून मागे मागे फिरायचा. तिने उठून त्याच्यापुढचा ग्लास पाण्याने भरला. तो ते पाणी प्यायला नाही.

बरं, शनिवारचं राहू दे, कुलूप म्हणाला. मग तो कामाचं बोलायला लागला, कारण ते त्याला जमतं. दुसऱ्या श्रेणीतले दोन क्लब आहेत, दोघांच्या प्रशिक्षकांशी बोलणं झालंय, दोघांनाही उंच बचावपटू हवाय. चांगले क्लब आहेत. दोन हंगाम नीट काढलेस की वर येशील. दादाने पहिल्यांदा मान वर केली.

"माहितीये," बारक्या म्हणाला. "दोघांचे फोन आले होते. मी नाही म्हटलं. मी काल सही करून आलोय, दुसरीकडे."

त्याने क्लबचं नाव सांगितलं. दादाने ते कधी ऐकलं नव्हतं. कुलूपने ऐकलं होतं. तिसरी श्रेणी, गाडीने अकरा तास, एका बाजूलाच प्रेक्षकांची बाकं, दुसऱ्या बाजूला एका कारखान्याची भिंत. त्याला पुढचं विचारावंसं वाटत नव्हतं, पण दादा विचारू लागला. दोन चांगले क्लब सोडून तू तिथे का जातोयस? काही कारण असेल ना? कोणी फसवलंय का तुला? हात रिकामे असताना इतकं सलग दादा वर्षानुवर्षं बोलला नव्हता.

"कोणी नाही फसवलं, बाबा," बारक्या म्हणाला. मग तो काकाकडे वळला, त्याच्यावर अजिबात न चिडता. "तिथले सामने टीव्हीवर दाखवत नाहीत."

आप्पांनी डोळे मिटून घेतले. धाकटी उठून उगाचच ताटल्या गोळा करायला लागली आणि मोठीने तिला हाताला धरून परत बसवलं.

कुलूपच्या ओळखी होत्या, त्याचे शब्द होते, लोक त्याचं ऐकायचे, आणि या पोरासाठी करण्यासारखं त्यातलं काही उरलं नव्हतं. एकच गोष्ट त्याला सुचली. ती विचारताना त्याचा आवाज इतका बारीक झाला की आप्पांना डोळे उघडावे लागले.

"मी येईन बघायला. चालेल ना? मागे कुठेतरी बसेन. एक शब्द बोलणार नाही, शप्पथ."

बारक्याला काकाचं मन मोडायचं नव्हतं, ते दिसत होतं. आठ वर्षं दर रविवारी या माणसाने त्याच्यासाठी सकाळ मोडली होती, पावसात, उन्हात, पाय दुखत असतानासुद्धा, आणि त्याच्या आधी किंवा नंतर कोणी त्याला इतका वेळ दिला नव्हता.

"नको, काका," तो म्हणाला. "तू नुसता येऊन बसलास ना, तरी लोक फोन काढतील."

कुलूप बरं म्हणाला. बरोबर आहे तुझं, असंही म्हणाला. मग त्याला रडू आलं, आवरता आवरेना, आणि ते बघायला घरातल्या पाच माणसांखेरीज कोणी नव्हतं.